सभासद कोण?

सप्टेंबर उतरणीला लागला की कृष्णाकाठी साखर कारखान्यांच्या वार्षिक सर्वसाधारण सभांचा हंगाम सुरू होतो. मांडव, प्लॅस्टिकच्या खुर्च्या, अहवालाचं जाडजूड पुस्तक, आणि एकेक विषय वाचून झाला रे झाला की पुढच्या रांगांतून उठणारा ‘मंजूर, मंजूर’चा गजर. आमच्या भागात सध्या या गजराला एक खमंग वाद जोडलेला आहे. कर्जात रुतलेले सहकारी कारखाने खासगी कंपन्यांना चालवायला द्यावेत की नाही? पारावर, चहाच्या गाड्यावर, भावकीच्या लग्नात, जिथे जावं तिथे दोन पक्ष भेटतात. पहिला म्हणतो, सहकार हा आपल्या मातीतला समाजवाद होता, तो चोरांनी खाल्ला. दुसरा म्हणतो, समाजवाद होता म्हणूनच बुडाला. जे सगळ्यांचं ते कुणाचंच नसतं. तावातावानं भांडणाऱ्या या दोघांचं एका गोष्टीवर मात्र पूर्ण एकमत आहे: सहकारी कारखाना म्हणजे समाजवाद. आणि नेमकी तीच गोष्ट खोटी आहे.

माझं म्हणणं सुरुवातीलाच सांगून टाकतो. सांगली-साताऱ्याचा सहकार हा ऊस असणाऱ्यांचा संघ होता. चांगला संघ होता, त्यानं पुष्कळ केलं, पण त्याच्या यशानं समाजवाद सिद्ध होत नाही आणि त्याच्या दिवाळखोरीनं खोटाही ठरत नाही. त्याचं दुखणं समजून घ्यायचं तर चेअरमनच्या गाड्या आणि बंगले मोजून भागणार नाही. प्रवरेच्या, म्हणजे महाराष्ट्रातल्या पहिल्या सहकारी साखर कारखान्याचं धुराडं पेटायला अजून अर्धं शतक बाकी होतं, तेव्हा बर्लिनमध्ये बसलेल्या अठ्ठावीस वर्षांच्या एका बाईनं या दुखण्याचं निदान लिहून ठेवलं होतं. तिचं नाव रोझा लक्झेंबर्ग.

आपल्याकडे रोझाचा फोटो शिबिराच्या भिंतीवर असतो, तिचं म्हणणं क्वचितच कुणाच्या तोंडी. ५ मार्च १८७१ रोजी रशियाच्या ताब्यातल्या पोलंडमध्ये, झामोश्च गावी, ज्यू घरात ती जन्मली. लहानपणी कमरेच्या दुखण्यानं पाय अधू झाला, तो कायमचा. पोलिसांच्या नजरेत आली म्हणून अठराव्या वर्षी देश सोडून स्वित्झर्लंडला गेली. झुरिक विद्यापीठातून १८९७ साली पोलंडच्या औद्योगिक वाढीवर प्रबंध लिहून डॉक्टर झाली आणि पुढच्या वर्षी बर्लिन गाठलं. परकी, ज्यू, लंगडणारी, त्यात बाई. आणि आल्याआल्या तिनं भांडण उकरलं ते थेट एडुआर्ड बर्नस्टाइनशी. बर्नस्टाइन म्हणजे एंगल्सच्या तालमीतला माणूस, जर्मन समाजवादी पक्षातला वजनदार विचारवंत. त्याचं म्हणणं असं की भांडवलशाही आता सावरायला शिकली आहे. कामगार संघटना, सहकारी संस्था, निवडणुका या पायऱ्यांनी हळूहळू समाजवादापर्यंत चढून जाता येईल, क्रांतीची भाषा आवरती घ्या. त्यावर रोझानं जे लिहिलं ते १८९९ साली ‘सुधारणा की क्रांती’ या नावानं छापून आलं.

त्यातली सहकारावरची पानं मी जेव्हा पहिल्यांदा वाचली तेव्हा आमच्याच कारखान्याचा अहवाल वाचतोय असं वाटलं. तिचा मुद्दा थोडक्यात असा. आजच्या व्यवस्थेत उत्पादनावर हुकूमत चालते ती बाजाराची. कामगारांनी कारखाना स्वतःच्या मालकीचा केला तरी माल विकायला त्याच बाजारात जायचं आहे. तिथे टिकायचं तर कामाचे तास ताणावे लागतात, मजुरी आवळावी लागते, मागणी पडली की माणसं कमी करावी लागतात. म्हणजे कामगारानं स्वतःशीच मालकासारखं वागायचं. ही कुतरओढ फार काळ चालत नाही. एकतर संस्था निव्वळ धंदा होते, नाहीतर मोडते. ग्राहकांच्या संस्थांशी जोडून घेऊन स्वतःचं गिऱ्हाईक पक्कं केलं तरच ती वाचेल, पण ती वाट खाण्यापिण्याच्या स्थानिक मालापुरतीच. कापड, कोळसा, लोखंड, जहाजं यांच्यासाठी नाही. साखर तर खाण्याचीच वस्तू, असं कुणी म्हणेल. खरं आहे, पण आपली साखर काही शिराळ्याच्या किराणा दुकानापुरती निघत नाही.

आता हे आपल्याकडे लावून बघा. २०१८-१९ च्या हंगामात उसाची एफआरपी, म्हणजे केंद्र सरकारनं ठरवलेला किमान दर, दहा टक्के उताऱ्याला (उसातून निघणाऱ्या साखरेच्या प्रमाणाला) टनामागे २,७५० रुपये होती. २०२४-२५ ला ती सव्वादहा टक्के उताऱ्याला ३,४०० झाली. याच काळात साखरेचा किमान विक्री दर काय होता? जून २०१८ मध्ये किलोला २९ रुपये, फेब्रुवारी २०१९ मध्ये ३१, आणि पुढे वर्षानुवर्षं तिथेच. बाजारात भाव त्याच्या वर राहिला हे मान्य, पण कारखान्याच्या हातातला कच्चा माल आणि पक्का माल, दोन्हींच्या किमतीच्या नाड्या दिल्लीच्या हाती, आणि कधी निर्यात सुरू, कधी बंद. २०२३ च्या डिसेंबरात उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर अचानक बंधन आलं तेव्हा डिस्टिलरीसाठी कर्ज काढून बसलेल्या कारखान्यांची काय गत झाली असेल? यातलं काय कुठल्या चेअरमनच्या चारित्र्यावर अवलंबून होतं? चोऱ्या झाल्या नाहीत असं मी म्हणत नाही. काटामारी झाली, नोकरभरती झाली, पाहुण्यारावळ्यांची टेंडरं निघाली. पण भिंतीला ओल धरते ती जोत्यातून, आणि आपण दरवेळी रंगाऱ्याला शिव्या देऊन मोकळे होतो.

यावर सगळ्यात भक्कम आक्षेप येतो तो वाळव्यातून. ‘आमच्या नागनाथअण्णांचा हुतात्मा कारखाना बघा, मग बोला.’ या आक्षेपापुढे मान तुकवावीच लागते. नागनाथअण्णा नायकवडी आणि कुंडलचे जी. डी. बापू लाड ही प्रतिसरकारातली माणसं. १९४३ ते १९४६ या काळात सातारा जिल्ह्यात, म्हणजे आजच्या सांगलीसकट, ज्यांनी इंग्रजांचं राज्य गावागावांतून उखडून न्यायनिवाडे केले, सावकारांना आणि गावगुंडांना वठणीवर आणलं, तुफान सेना उभी केली, त्यांनीच पुढे साखर कारखाने काढले. वाळव्याच्या कारखान्याला हुतात्मा किसन अहिर यांचं नाव आहे. काटकसर आणि उसाचा दर यांबद्दल त्या कारखान्याचं नाव आमच्या भागात आदरानं घेतलं जायचं. म्हणजे माणूस चांगला असेल तर फरक पडतो. पडतोच. बर्नस्टाइनच्या बाजूनं याहून चांगला पुरावा अख्ख्या जर्मनीत नसेल.

पण मग पुढचा प्रश्न विचारायला हवा. तो चांगला दर मिळाला कुणाला? उसाच्या मालकाला. आणि त्या कारखान्याचा ऊस तोडला कुणी? इथे आमची वाणी अडखळते. बीड, पाथर्डी, जतकडून दसरा-दिवाळीला टोळ्या येतात. मजूर पुरवणाऱ्या मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, घेतलेली असते. नवरा-बायको मिळून एक कोयता. उचलीचा हिशोब कोयत्यावर, त्यात बाईचं वेगळं नाव नाही. ओढ्याच्या कडेला कोप्या, म्हणजे पाचटाच्या झोपड्या, पडतात. पहाटे फडात शिरायचं, मोळ्या बांधायच्या, टायरगाडी भरायची, वाढं, म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, विकून मीठमिरचीपुरते चार पैसे करायचे. २०१९ साली बीडमधल्या ऊसतोड बायकांची गर्भाशयं काढली जात असल्याच्या बातम्या आल्या आणि सरकारला चौकशीसाठी समिती नेमावी लागली. या बायका सर्वसाधारण सभेत कुठे बसतात? कुठेच नाही. उपविधीत, म्हणजे संस्थेच्या नियमांत, त्या सभासद होऊ शकत नाहीत, कारण त्यांच्याकडे ऊस नाही. त्यांच्याकडे फक्त ऊस तोडायचा कोयता आहे. मग हुतात्म्याच्या नावाचा कारखाना असो की कुणा पुढाऱ्याच्या आजोबांच्या नावाचा, तोड मुकादमाच्याच वाटेनं होते. रोझा निदान कामगारांनीच चालवलेल्या संस्थेबद्दल बोलत होती. तीसुद्धा बाजारात मालकासारखी वागायला लागते, असा तिचा इशारा होता. आपली संस्था तर पहिल्या दिवसापासून मालकांचीच होती. तिला समाजवाद म्हणायची सवय आपल्याला कुणी लावली?

क्रांतिसिंह नाना पाटील यांची गोष्ट इथे मला नेहमी आठवते. येडेमच्छिंद्रचा हा माणूस तलाठ्याची नोकरी सोडून चळवळीत पडला, प्रतिसरकारचा नायक झाला, स्वातंत्र्यानंतर शेतकरी कामगार पक्षातून कम्युनिस्ट पक्षात गेला. १९५७ साली लोकसभेवर निवडून आला तो साताऱ्यातून. आणि १९६७ साली? बीडमधून. कृष्णाकाठच्या पुढाऱ्याला ज्यांनी खासदार केलं, त्यांच्याच पोराबाळांच्या हाती पुढे कृष्णाकाठच्या फडातला कोयता आला. ३ ऑगस्टला नानांच्या पुतळ्याला हार घालताना आपण त्यांचं प्रतिसरकार आठवतो, तो लाल झेंडा आणि ते बीड मात्र सोयीस्करपणे गाळतो.

आता रोझाच्या विरोधात जे बोललं जातं तेही ऐकून घेऊ, कारण त्यात तथ्य आहे. ही बाई कारखान्यातल्या कामगाराची. शेतकरी तिला कळलाच नाही. आणि राष्ट्र तर तिला नकोच होतं. स्वतः पोलिश असून पोलंडच्या स्वातंत्र्याच्या घोषणेला तिनं विरोध केला, राष्ट्रांच्या स्वयंनिर्णयावरून लेनिनशी वर्षानुवर्षं वाद घातला. प्रतिसरकारच्या मुलखात उभं राहून मला हे पटणं शक्य नाही. आमच्याकडे स्वातंत्र्याची लढाई आणि सावकाराविरुद्धची लढाई एकाच घोंगडीखाली झोपत होती. ती दोन्ही सोडवून बघायला गेलं तर हाती फक्त धागे राहतात. इथे रोझा चुकली, एवढं सरळ म्हणून पुढे जावं.

मात्र शेतकऱ्याच्या बाबतीत ती चुकली असं म्हणताना माझी जीभ जरा जड होते. रशियात जमीनदारांच्या जमिनी शेतकऱ्यांनी वाटून घ्याव्यात हे धोरण तिला मान्य नव्हतं. तिचं भाकीत असं की यातून गावोगाव नव्या मालकांचा एक मोठा वर्ग उभा राहील आणि उद्या समाजवादाच्या आड तोच येईल. आपल्याकडे काय झालं? १९४८ चा कूळकायदा आला, १ एप्रिल १९५७ च्या कृषकदिनापासून कुळं मालक झाली. न्याय्यच होतं ते. माझ्या आज्याला त्याच कायद्यानं सव्वादोन एकर मिळाली आणि त्यावर आमच्या तीन पिढ्या शिकल्या. पण कालचं कूळ आज बागायतदार झालं, पाटाचं पाणी आलं, ऊस आला, शेअर आला. आणि तोडणीचे दर वाढवून द्या म्हणून कोयता बंद झाला की सगळ्यात आधी ओरड कुणाची? आमचीच. ऊस वाळतोय, उतारा घटतोय, हे लोक माजलेत. हे वाक्य मी घरात ऐकलंय. एकदा स्वतःही म्हटलंय. तेव्हा रोझाचा उपाय चूक होता असं म्हणायला मी तयार आहे, तिची भीती चूक होती असं नाही म्हणवत.

शिवाय ती निव्वळ युरोपातली म्हणून झटकून टाकणाऱ्यांनी तिचं १९१३ चं ‘भांडवलाचा संचय’ उघडून पाहावं. त्यात हिंदुस्थान आहे. इंग्रजांच्या महसुली व्यवस्थेनं गावाची सामायिक जमीन कशी मोडली, शेतकरी सारा आणि कर्ज यांच्या कात्रीत कसा सापडला, जुने कालवे-तलाव कसे हेळसांडीनं बुजले, हे तिनं मांडलंय. कऱ्हाडजवळचा खोडशीचा बंधारा इंग्रजांच्याच काळातला, तेव्हा तिचं पाण्याबद्दलचं म्हणणं आमच्या खोऱ्याला जसंच्या तसं लागू पडत नाही. पण भांडवलाला वाढायला सतत आपल्याबाहेरचा कुणीतरी लागतो, ज्याची जमीन, ज्याचं श्रम स्वस्तात ओढता येतं, हा तिचा गाभ्याचा विचार. त्या ग्रंथातल्या गणितावर मार्क्सवाद्यांनीच पुष्कळ टीका केली आणि त्यातली काही वाजवी आहे. तरीही कृष्णाकाठच्या बागायतीला माणदेशाचा आणि बालाघाटाचा दुष्काळ का लागतो, हे मला दुसऱ्या कुणी इतकं स्पष्ट सांगितलेलं नाही. बालाघाटावर बारमाही पाणी पोचलं तर दसऱ्याला गाड्या भरून कोण येईल?

याचं उलट टोकही आमच्याच जिल्ह्यात आहे. रोझानं १९०५ च्या रशियातले संप पाहून लिहिलं होतं की मोठा संप कुठल्या कमिटीच्या हुकमानं सुरू होत नाही आणि संपतही नाही. पगाराचं भांडण राजकारणात शिरतं, राजकारणाचं पुन्हा पगारात, आणि लोक त्या रगाड्यात शिकत जातात. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईत गिरणी संप सुरू झाला आणि खानापूर तालुक्यातले गिरणी कामगार गावी परतले. गावात दुष्काळ. संप मुंबईत हरला, पण त्या माणसांची उठबस इथे मुक्ती संघर्ष चळवळीत झाली. पुढे येरळा नदीवर बलवडी आणि तांदुळवाडीच्या लोकांनी बळीराजा स्मृती धरण बांधलं, त्यासाठी नदीतली वाळू विकून पैसा उभा केला. वाळूवर हक्क कुणाचा, ठेकेदाराचा की गावाचा, इथून भांडण सुरू झालं होतं. धरण लहानसं, पण पाणीवाटपाचं तत्त्व काय ठरलं ते बघा. पाणी जमिनीच्या एकरांवर नाही, घरावर. भूमिहीनाचाही वाटा. नागनाथअण्णा पुढे आटपाडीच्या पाणी परिषदांत समन्यायी वाटपाची जी मागणी करत राहिले, ती याच वाटेवरची. कारखाना काढणाऱ्या अण्णांपेक्षा हे अण्णा मला रोझाच्या जास्त जवळचे वाटतात. एकाच माणसात दोघं नांदले, हे त्यांचं मोठेपण.

क्रांती म्हटलं की लगेच तुरुंग आणि हुकूमशहा, असं दुसऱ्या पक्षाचे लोक म्हणतात. स्टॅलिनच्या छावण्यांनंतर तसं म्हणायचा त्यांना हक्कच आहे. पण हा हिशोब रोझाच्या नावावर चढत नाही. १९१८ साली जर्मनीच्या तुरुंगात बसून, रशियातल्या क्रांतीचं मनापासून कौतुक करत असतानाच तिनं लेनिन आणि ट्रॉट्स्कीला सुनावलं की सभा, वर्तमानपत्रं, निवडणुका बंद केल्यात तर सार्वजनिक जीवन मरेल आणि कारभार मूठभरांच्या हाती जाईल. सरकारच्या बाजूनं बोलणाऱ्यापुरतंच स्वातंत्र्य असेल तर ते स्वातंत्र्यच नव्हे, वेगळं मत असणाऱ्याला मिळतं तेच खरं. पुढे, १९१८ संपता संपता जर्मन कम्युनिस्ट पक्ष स्थापन झाला. निवडणुकीत भाग घ्यावा असं तिचं मत, परिषदेनं ते फेटाळलं. ती हरली, आणि पक्षातच राहिली. त्यानंतर दोन आठवड्यांत, १५ जानेवारी १९१९ ला, तिला बर्लिनमध्ये लष्करी टोळीनं ठार करून कालव्यात फेकलं. राज्य तेव्हा होतं समाजवादी पक्षाचंच. मे अखेरीस प्रेत सापडलं.

खासगीकरणाच्या वादात माझं उत्तर इथून येतं. कारखाना खासगी कंपनीला देऊ नये, पण ‘सहकार पवित्र आहे’ म्हणून नव्हे. खासगी मालकही त्याच बाजारात, त्याच मुकादमाकडून तोड घेणार. तिथे फक्त एक गोष्ट कमी होणार, ती म्हणजे सभा. आज ‘मंजूर, मंजूर’च्या गजरात का होईना, एखादा म्हातारा सभासद हातात अहवाल घेऊन उभा राहतो, पान क्रमांक सांगून विचारतो, बगॅस (उसाचा चोथा) कुठे गेलं? त्याचा माईक बंद करतात, पोरं अंगावर धावून जातात, तरी त्याला उभं राहायचा हक्क असतो. कंपनीच्या फाटकावर वॉचमन असतो. उभं राहायची ती जागा विकू नये, आणि ती वाचवायची असेल तर तिथे बसणाऱ्यांची यादी बदलावी लागेल: तोडणी कामगाराला सभासदत्व, कोयत्यावरच्या बाईला तिच्या नावानं वेगळं मत, तोडणीचा करार मुकादमाऐवजी थेट संस्थेशी.

याच्यावरून परवा माझ्या जुन्या मित्राशी वाजलं. तो म्हणाला, ‘तू पुस्तकातला माणूस. रोझाच्या त्या म्हशींच्या पत्रासारखं रडवेलं बोलतोस.’ हा टोमणा मारायला त्याला ते पत्र मीच वाचायला दिलं होतं. १९१७ च्या डिसेंबरात तुरुंगाच्या अंगणात रुमानियाहून आणलेले रेडे सैनिकांच्या रक्ताळलेल्या कपड्यांची गाडी ओढत आले. गाडीवानानं चाबकाच्या दांड्यानं इतकं मारलं की कातडी फुटून रक्त आलं, आणि त्यातला एक, मार खाल्लेल्या लेकरासारखा समोर बघत उभा राहिला. रोझाच्या डोळ्यांतून पाणी वाहिलं, असं तिनं तिचा साथीदार कार्ल लिबक्नेश्ट याच्या बायकोला लिहिलं होतं. मी मित्राला म्हटलं, उसानं भरलेली टायरगाडी चढावर ओढताना गुडघ्यावर आलेला बैल तू कधी पाहिला नाहीस का? तो म्हणाला, पाहिलाय, आणि उतरून मागून रेटाही दिलाय. मग जरा थांबून त्यानं विचारलं, ‘बरं, ते तोडकऱ्यांच्या सभासदत्वाचं. तुझ्या बापाच्या नावचा शेअर आहे ना अजून? दे त्यातला अर्धा कोयत्याला.’

शेअरचा तो दाखला माझ्या कपाटात आहे, कडा पिवळ्या पडलेला. उपविधीत असं हस्तांतर बसत नाही, असं मी त्याला सांगितलं. तो हसला. उपविधी दुरुस्तीचा विषय पुढच्या सभेत मांडायला पंधरा दिवस आधी लेखी द्यावं लागतं, हेही त्याला ठाऊक होतं. मी अर्ज लिहायला घेतलाय. पहिलं वाक्य अजून जुळत नाही.